माइकवरची आमटी

मी एका माणसाच्या आमटीचा जाहीर अपमान केला आहे. हफ्र अल बातिनच्या एका हॉलमध्ये, भरलेल्या खुर्च्यांसमोर, हातात माइक आणि मागे हातभर शेपूट असताना. ही चूक मी आधीच सांगून टाकतो. पुढे मी माझ्या धंद्याबद्दल थोडी फुशारकी मारणार आहे, आणि फुशारकीच्या ओघात माणूस आपल्या चुका सोयीने विसरतो, हे मी स्वतःवरूनच शिकलो आहे.

धंदा म्हणजे कुस्तीतल्या दुष्ट माणसाचा. लाल मातीतली कुस्ती नव्हे. चार खांब, भोवती दोर, दिवे, धूर, दणदणीत संगीत आणि आधीच ठरलेला निकाल, अशी ही कुस्ती. सौदीत आता मॉलच्या आवारात, हिवाळ्यातल्या मेळ्यांत, कंपन्यांच्या मैदानांवर असे खेळ होतात. त्यात एक चांगला असतो आणि एक वाईट. मी वाईट. अक्रब, म्हणजे विंचू, हे माझं नाव. एरवी मी अबकैकमध्ये एसीचे डक्ट बसवतो. इकाम्यावर, म्हणजे इथे राहण्याच्या परवान्यावर, ‘डक्ट फिटर’ असंच आहे. विंचू या पदाची तिथे सोय नाही.

मी या धंद्यात पडलो असं म्हणतो ते अगदी शब्दशः. एका हॉलमध्ये डक्ट जोडत असताना शिडी सरकली आणि मी पाठीवर सपाट पडलो. उठलो, धूळ झटकली आणि पुन्हा शिडी लावली. खाली कुस्तीचा सराव चालला होता. त्यांचा उस्ताद रमजी नावाचा इजिप्तचा माणूस. आखातातल्या दुकानांमध्ये आणि साइटवर चालते तसली हिंदी तो बोलायचा. तो धावत आला. मला वाटलं, लागलं का ते विचारतोय.

‘‘तुम अच्छा गिरता है,’’ तो म्हणाला. ‘‘फिर से गिरो.’’

मी फिर से गिरलो. कफीलची, म्हणजे ज्याच्या नावावर मी इथे काम करतो त्या मालकाची, परवानगी लागणार होती. त्याने एकच अट घातली: हात मोडायचा नाही, पाय चालेल. डक्टला हात लागतात.

बाहेरच्या माणसाला वाटतं, या कुस्तीत सगळं खोटं असतं. पडणं खोटं नसतं. हनुवटी छातीला लावायची, श्वास सोडून द्यायचा आणि दोन्ही तळहात व अख्खी पाठ एकाच वेळी फळीवर आपटायची. भार वाटला गेला की लागत कमी आणि आवाज जास्त. फळीखाली फोम असतो, पण तो फोम गादीतल्या कापसासारखा असेल असं समजू नये. दुसरी गोष्ट म्हणजे, दुष्टाचं काम जिंकणं नसतं. समोरचा हिरो लोकांना आवडायला लावणं हे त्याचं काम. आमचा हिरो बदर. खमीस मुशैतचा सडपातळ, लाजाळू मुलगा, एरवी मोबाइलच्या दुकानात बसायचा. त्याला उचलल्यासारखं मी उडी मारायची, त्याने फेकल्यासारखं मी उडायचं, आणि वर त्याच्या ताकदीने थक्क झाल्याचा चेहरा करायचा. बदर जितका शूर दिसला तितकं माझं काम चांगलं झालं. लोक त्याच्याबरोबर फोटो काढायचे आणि मी मागच्या दाराने बाहेर पडायचो.

आत आम्ही कुजबुजत बोलायचो. बदरला हिंदी येत नव्हती, माझी अरबी बाजारापुरती. म्हणून दोनच शब्द ठरवलेले. ‘यल्ला’ म्हणजे पुढची चाल. ‘खलास’ म्हणजे शेवटची चाल, जिच्यात तो वरच्या दोरावरून माझ्यावर उडी घ्यायचा. एकदा खमीस मुशैतलाच माझा गुडघा पिरगळला आणि माझ्या तोंडून निघून गेलं, ‘‘आई गं, खलास!’’ मी मराठीत खलास झालो होतो. बदरने ते अरबीत ऐकलं. तो आनंदाने दोरावर चढला. तो गुडघा अजून हवा बदलली की बोलतो.

त्याच संध्याकाळी साध्या कपड्यांत मी एका गाड्यावर शवर्मा खात होतो. एक वृद्ध बाई नातवाला घेऊन आल्या आणि त्यांनी छत्रीच्या टोकाने माझ्या पोटाला टोचलं. मिशीवरून ओळखलं होतं.

‘‘आजी विचारते, तुला आई नाही का?’’ नातवाने इंग्रजीत भाषांतर केलं.

‘‘आहे. दापोलीजवळ गावात.’’

‘‘आजी म्हणते, तिला आत्ता फोन कर.’’

मी केला. आई म्हणाली, ‘‘अरे अल्ताफ, मधल्या वारी कसा फोन केलास? नोकरी गेली का?’’ आजीबाई फोन संपेपर्यंत छत्री रोखून उभ्या होत्या.

आता शेपटाबद्दल. ते एसीच्या डक्टवर गुंडाळतात त्या काळ्या फोमचं होतं. कल्पना माझी, पण शिवण उस्मान मामूची. मामू आमच्या मेसचा स्वयंपाकी. अबकैकमध्ये आम्ही कोकणातले काही जण एक घर भाड्याने घेऊन राहतो, दापोली, मंडणगड, श्रीवर्धन अशा गावांचे. मामू माझ्या आईच्या गावचा, म्हणून माझा मामू आणि मग सगळ्यांचाच मामू. त्याने उमेदीची वर्षं जहाजावर भंडारी म्हणून, म्हणजे स्वयंपाकी म्हणून काढली. त्यामुळे पातेलं हललं नाही तर त्याला स्वयंपाक झाल्यासारखं वाटत नाही, असं लियाकत म्हणतो. लियाकत श्रीवर्धनचा, माझ्या खोलीतला, आणि त्याच्या तोंडाला दार नाही.

मामूने जाड सुईने शेपूट माझ्या पोशाखाला शिवलं आणि लांब जाऊन बघितलं. ‘‘मेलेल्या वांब माशासारखं लोंबतंय,’’ तो म्हणाला. मग त्याने आत तार घातली. शेपूट उभं राहिलं. पोशाख मात्र मला सुरुवातीला होत नव्हता. पोट आत जायला काही महिने लागले.

मला खरी अडचण आली ती बोलण्याची. दुष्टाने लोकांना चिडवायचं असतं, आणि सौदीत चारचौघांत कुणाला शिवी देणं परवडत नाही. रमजीने पहिल्याच दिवशी बजावलं होतं: शिवी नाही, धर्म नाही, देश नाही, कुणाचं घरदार नाही. ‘‘फिर क्या बोलूँ?’’ मी विचारलं. ‘‘गुस्सा बोलो. लफ्ज़ कुछ भी.’’ म्हणून मी मराठी निवडली. पहिल्या खेळाला काहीच सुचेना, तेव्हा हर्णैच्या बंदरावरचा लिलाव आठवला आणि मी डोळे वटारून गर्जना केली, ‘‘बांगडा! मांदेली! तारली! ओला बोंबील!’’ मग बदरकडे बोट करून, थुंकी उडवत, ‘‘सुका बोंबील!’’

लोक पिसाळले. खुर्च्यांवर उभे राहून त्यांनी मला परत जायला सांगितलं. एका हॉलचा मुदीर, म्हणजे व्यवस्थापक, काळजीत पडून आत आला आणि हा माणूस काय बोलतो ते त्याने रमजीला विचारलं. रमजीने मला विचारलं. मी सांगितलं, ‘‘मासे.’’  मुदीर म्हणाला, ‘‘माशांनी याचं काय बिघडवलं आहे?’’

मासे पुष्कळ दिवस पुरले. मग ते शिळे झाले. रमजी म्हणू लागला, ‘‘तुम गुस्सा नहीं. तुम दुकान. दिल से गुस्सा लाओ. जो चीज़ सच में तकलीफ़ देता है, वो बोलो.’’

हफ्र अल बातिनला जायला अबकैकहून गाडीने फार वेळ लागतो. त्या दिवशी मामूने मला डबा दिला होता: भात, तळलेला बांगडा आणि आमटी. डबा मी कपड्यांच्या बॅगेत ठेवला. वाटेत झाकण निघालं. हॉलवर पोचून बॅग उघडली तर माझं शेपूट आमटीत भिजून जड झालं होतं. फोम सगळं पिऊन घेतो. त्याला लसणाच्या फोडणीचा वास येत होता. आमटी घट्ट असती तर सांडली नसती, असं माझ्या मनात आलं. गेले कित्येक महिने ती पातळच असायची. पातळ म्हणजे ताटलीची नक्षी खालून दिसेल इतकी.

तशाच ओल्या शेपटाने मी रिंगणात गेलो. रमजीने खालून खूण केली: दिल से. आणि मी माइकमध्ये ओरडलो:

‘‘उस्मान मामूची आमटी! अरे, आमटी आहे की नळाचं पाणी? डाळ कुठे आहे? डाळ एक्झिट लागून गावाला गेली काय? आमटी! आमटी!’’

 इतका खरा राग लोकांनी माझ्याकडून कधी ऐकला नव्हता. मग मागच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, ‘‘आमती!’’ अरबी जिभेला ट जमत नाही. पाहता पाहता सगळा हॉल टाळ्यांच्या ठेक्यावर म्हणू लागला, ‘‘आम-ती! आम-ती!’’ त्या दिवसापासून अक्रब हे नाव पोस्टरवरच राहिलं. लोक मला आमती म्हणू लागले.

इथपर्यंतची चूक मी रागावर ढकलू शकलो असतो. पण पुढच्या खेळाला शेपूट कोरडं होतं आणि मी तेच बोललो. त्याच्या पुढच्या खेळालाही. लोक मागायचे, मी द्यायचो, आणि त्यात भर घालायचो. या आमटीत मामू वल्हं मारतो. या आमटीत डाळ शोधायला पाणबुड्या लागतो. खेळाहून परत आलो की मी मामूच्या समोर बसून तीच आमटी भातावर घ्यायचो आणि तो विचारायचा, ‘‘काय रे, कसा झाला खेळ? आज किती आपटलास?’’ मी म्हणायचो, ‘‘बरा झाला, मामू.’’ 

मराठी माणूस खेळाला येत नाही म्हणून मी निश्चिंत होतो. खेळाला माणूस यावा लागत नाही, मोबाइल येतो, हे लक्षात आलं नाही. एका शुक्रवारी जेवणं चालू असताना लियाकत फोन घेऊन उठला. ‘‘मामू, हे बघ. अल्ताफ तुला अख्ख्या अरबस्तानात फेमस करतोय.’’

मामूने चष्मा लावला आणि शेवटपर्यंत पाहिलं. वल्ह्याचा विनोदही त्यात होता. कुणी हसलं नाही. मामूने फोन परत दिला, चष्मा काढला, आणि माझ्या ताटाकडे पाहून म्हणाला:

‘‘तुम्हांला भात वाढू?’’

तुम्हांला. ज्याने मला जन्मल्यापासून ‘अरे अल्त्या’ अशी हाक मारली त्याने. आमच्याकडे मामू भाच्याला तुम्ही म्हणत नाही. पोलिसाला म्हणतो, डॉक्टरला म्हणतो, विहिणीला म्हणतो. माझ्या हातातला बांगडा ताटात पडला.

दुसऱ्या दिवसापासून माझ्यासाठी वेगळं पातेलं चढलं. त्यात आमटी होती असं म्हणता येणार नाही. ती डाळ होती, नुसती डाळ, पाण्याचा थेंब न दिसणारी. मामू ती डावाने माझ्या ताटात थापायचा आणि डाव उचलला की डावाचा आकार तसाच राहायचा. लियाकतने एकदा तिच्यात चमचा उभा केला. आम्ही जेवून उठलो तरी तो उभा होता.

‘‘घट्ट झाली ना?’’ मामू अदबीने विचारायचा. ‘‘तुम्हांला चालेल ना?’’

मी माफी मागायला चार वेळा स्वयंपाकघरात गेलो असेन. पहिल्यांदा त्याने एक्झॉस्ट फॅन लावला. दुसऱ्यांदा मिक्सर. मिक्सरमध्ये काही नव्हतं. मग मी मोठी सुरमई आणली. मामूने ती सुरेख तळली, सगळ्यांना वाढली आणि माझ्या ताटात डाळ थापली. ‘‘तुमचं तळलेलं बंद असेल ना? खेळाडू माणसं तुम्ही.’’ मी म्हटलं, ‘‘मामू, ऐकून तर घे.’’ तो म्हणाला, ‘‘तुम्ही माइकवर बोलणारी माणसं. आमच्याशी भांड्यांत काय बोलायचं?’’

आणि मग त्याने जाहीर केलं की या खेपेस इकामा पुन्हा काढायचा नाही. एक्झिट मारून गावाला जायचं. त्याला गावात जाऊन करण्यासारखं काही नव्हतं, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. बायको गेलेली, मुलगी कुवेतला. त्याचं घर म्हणजे आमच्या मेसचं स्वयंपाकघर. ‘‘ज्याचं पाणी कुणाला नको, त्याने इथे कशाला राहायचं?’’ एवढंच तो म्हणाला.

त्या दिवशी लियाकत मला गच्चीवर घेऊन गेला. मला वाटलं, शिव्या देईल. त्याने विचारलं, ‘‘आमटी पातळ कधीपासून झाली, आठवतंय काय तुला?’’

‘‘बरेच महिने झाले.’’

‘‘तुझी ती विंचवाची चड्डी आली तेव्हापासून. मांडीच्या वर जात नव्हती. तू मामूच्या मागे लागलास, मामू, तेल कमी कर, डाळ कमी कर, पातळ कर, पोट आत गेलं पाहिजे. आठवतंय? मामूने केलं. तुझ्यासाठी वेगळं करावं तर तुला एकट्याला उपाशी ठेवल्यासारखं वाटेल, म्हणून सगळ्यांचंच पातळ केलं. आम्ही ओरडलो त्याच्यावर. तो म्हणाला, पोराचं नाव होतंय, सोसा जरा. तेव्हापासून तुझ्या चड्डीपायी अख्खी मेस पाणी पितेय! आणि तू माइकवर सांगतोस!’’

मी गच्चीवरच्या टाकीला टेकून खाली बसलो. मला आठवत नव्हतं, हे खरं आहे. पण लियाकतने सांगितल्यावर सगळं आठवलं, अगदी मामूने टेपने माझं पोट मोजून ‘‘अजून एक वीत हाय’’ म्हटलं होतं तेही. ज्याने शेपूट शिवलं, शेपटाच्या चड्डीत मी मावावा म्हणून आमटीत पाणी घातलं, त्याच शेपटाने मी त्याला डंख मारला होता.

मी रमजीकडे गेलो आणि म्हणालो, मला रिंगणात एका माणसाची माफी मागायची आहे. माइकवर बोललो ते माइकवरच परत घ्यायला हवं.

रमजीने कपाळावर हात मारला. ‘‘मजनून! पागल! शैतान माफी माँगता है? फिर बदर किसको मारेगा? पब्लिक रोएगा, घर जाएगा.’’

‘‘मराठीत मागेन.’’

तो विचारात पडला. ‘‘गुस्से में?’’

‘‘गुस्से में.’’

‘‘शेपूट हिलाके?’’ हा एकच मराठी शब्द तो माझ्याकडून शिकला होता.

‘‘हिलाके.’’

पुढचा खेळ नेमका अबकैकमध्येच होता, एका मैदानावर, उघड्यावर. मामूला आणायचं काम लियाकतचं. तो येणार नाही म्हणाला होता. मग लियाकतने त्याला सांगितलं की खेळाच्या ठिकाणी फुकट बिर्याणी आहे आणि ती फार वाईट आहे. दुसऱ्याची वाईट बिर्याणी पाहायला मामू कुठेही जातो.

धुरातून मी बाहेर आलो तेव्हा तो दिसला. पुढून तिसऱ्या रांगेत, प्लॅस्टिकच्या खुर्चीवर, मांडीवर हात ठेवून, डॉक्टरकडे बसतात तसा. लोकांनी सुरुवात केली होती, ‘‘आम-ती! आम-ती!’’ प्रत्येक हाकेला मामूची मान थोडी खाली जात होती.  मला दोरावरून उलटं पडायची भीती वाटत नाही. पण त्या तिसऱ्या रांगेकडे बघवत नव्हतं.

मी माइक घेतला, डोळे वटारले, शेपूट उडवलं आणि ओरडलो:

‘‘उस्मान मामू! चूक माझी आहे! तुझी नाही! आमटी पातळ माझ्यामुळे झाली! माझं पोट सुटलं होतं!’’ इथे मी पोटावर थाप मारली आणि पब्लिकने ‘बूऽऽ’ केलं. ‘‘मला माहीत होतं, तू दुखावशील! तरी मी बोललो! टाळ्यांसाठी बोललो! एकदा नाही, प्रत्येक खेळाला!’’ एका माणसाने पाण्याची बाटली फेकली. ‘‘तुझ्यासारखी आमटी अख्ख्या सौदीत कोण करत नाही! पातळ कर, घट्ट कर, कशीही कर! गावाला जाऊ नकोस!’’

माझा आवाज फुटला. डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि दुष्टाने रडायचं नसतं, म्हणून मी ते लपवायला अजून मोठ्याने गुरगुरलो. पुढच्या रांगेतली पोरं आईच्या मागे लपली. बदर कोपऱ्यात उभा राहून, मी काय भयंकर बोलतो आहे म्हणून, मला प्रामाणिकपणे घाबरला होता. सगळं मैदान उठून मला हाकलत होतं. ‘‘बर्रा! बर्रा!’’ म्हणजे, बाहेर हो. एवढ्या गोंगाटात शब्द कुठवर पोचले असतील, कोण जाणे.

तिसऱ्या रांगेत मामू उठला. मला वाटलं, चालला. तो दोन खुर्च्यांमधून वाट काढत पुढे आला, थेट कठड्यापर्यंत. त्याने एक हात कानामागे लावला आणि जहाजावरून धक्क्यावरच्या माणसाला ओरडावं तसा ओरडला:

‘‘अल्त्या! मोठ्यांदा बोल की रे! तुझं मेल्या एक अक्षर ऐकू येत नाय!’’

मागे लियाकत दोन्ही हात वर करून नाचत होता. रमजी खालून घड्याळ दाखवत होता. बदर दोराजवळ येऊन हळूच म्हणाला, ‘‘यल्ला?’’

‘‘थांब,’’ मी त्याला मराठीत सांगितलं. मग माइक खाली ठेवला, दोरांमधून अंग जितकं बाहेर काढता येईल तितकं काढलं, आणि मामूच्या कानाच्या दिशेने, पहिल्यापासून, सगळी माफी पुन्हा मागितली.